धाडची रविवारची हजेरी

बुलढाण्याच्या स्टँडवर उतरले तेव्हा पाठ मोडली होती आणि डोकं तापलेलं होतं. आदल्या आठवड्यात पुण्यातल्या लॉ कॉलेजात माझा प्रवेश अडला. प्रवेश परीक्षा पास, दूरशिक्षणाची बी.ए. हातात, पण खिडकीतल्या बाईंनी विचारलं, "बारावी?" ती मी केलेलीच नाही. धाड या गावी सासरी असताना पूर्वतयारीची परीक्षा देऊन थेट बी.ए.ला बसले होते. "पदवी खरी आहे हो, पण वकिलीला खाली बारावी लागते," त्या म्हणाल्या. कळस आहे, पाया नाही! 'ही पदवी कुठंही चालेल' असं आमच्या अभ्यासकेंद्राचे सर सांगायचे. त्यांनाच जाब विचारायचा, म्हणून निघाले होते.

स्टँडजवळ कळण्याची भाकरी (ज्वारी-उडदाची) आणि ठेचा खाल्ला. पुण्यात राहून जीभ मऊ झाली आहे. डोळ्यांतून धारा लागल्या. तशीच धाडच्या जीपमध्ये बसले.

"कोनाकडं जाता बाई?" ड्रायव्हरने विचारलं. मी सरांचं नाव सांगितलं.

"ते तर वारले ना."

आता कुणाला विचारणार?

"पन क्लास घेतात अजून," तो गिअर टाकत म्हणाला. "दर रविवारी. माही बायको जाते ना."

मी त्याच्या तोंडाकडे पाहिलं. माणूस थट्टा करत नव्हता. बाकीच्या प्रवाशांपैकीही कुणी हसलं नाही. मी भुताखेतांना भीक घालणारी नाही, तरी पदर अंगाभोवती घेतला.

धाडला पोचले तेव्हा ऊन रणरणत होतं. आमचं केंद्र भरायचं ती शाळा रविवारची बंद, मैदानात कुत्रंही नाही. आमच्या वर्गाची खिडकी मात्र उघडी होती आणि आत एक बाई नावं घेत होती. एकेक "हजर" येत होतं.

"सुनंदा."

"हजर!"

सुनंदा मीच. बाहेर मी उभी, आणि आत माझ्या नावाने कोण बोललं?

दार ढकललं. बाकांवर सहा बाया, फळा कोरा, सरांची खुर्ची रिकामी. टेबलावर पाण्याचा भरलेला ग्लास. नावं घेणारी वंदना, माझ्या बाकावरची मैत्रीण. ती जराही दचकली नाही.

"बस ना व. तुही जागा रिकामीच हाय."

"माझी हजेरी कोण लावतं?"

"मी. काऊन, नको लावू?"

सर गेले, केंद्रही बंद पडलं. पण 'सरचा क्लास' म्हटलं की घरचे अडवत नाहीत, म्हणून या येत राहिल्या. गाव सोडून गेलेल्यांचीही नावं घेतात. "हजेरीतून नाव काढलं का मानूस संपते," वंदना म्हणाली. मग माझा हात धरून तिने इतर बायांना सांगितलं, "हे आपली वकील!"

मला रडू फुटलं. बारावीचं सगळं सांगितलं. वकिलीला आपल्यातल्या कुणाचीच पदवी चालणार नाही, हेही सांगितलं. पंखा बंद होता, तरी मला थंडी वाजत होती.

"मंग बारावी दे," वंदना म्हणाली. "तवर तुही हजेरी आमी लावतोच."

निघताना टेबलाकडे लक्ष गेलं. ग्लास अर्धा झाला होता. कुणी प्यालेलं मी पाहिलं नव्हतं, आणि विचारायची हिंमत झाली नाही.

पुण्याला परतून बारावीला बाहेरून बसायचा अर्ज भरला. परवा रविवारी दुपारी इतिहासाचं पुस्तक उघडलं, शेजारी पाण्याचा ग्लास ठेवला आणि रिकाम्या घरात मोठ्याने म्हणाले, "हजर!" तिकडे वंदनाही तेच म्हणाली असणार. एका नावाच्या दोन हजेऱ्या लागल्या तर कोणता नियम आडवा येतो, ते वकील झाल्यावर बघेन.