तिथीची पाऊणपट

महान कलावंताला काळ उशिरा का होईना ओळखतोच, असं म्हणतात. आमच्या हंगेरियन दिग्दर्शकाला कुवेतमध्ये सर्वांत आधी ओळखलं ते तेलकंपनीच्या सामान खात्यानं. त्याला टेबल मिळालं, खुर्ची मिळाली नाही.

मी त्याच कंपनीच्या प्रसिद्धी खात्यात टायपिस्ट होतो. त्याच्या देशात उठाव झाला, रणगाडे आले, तेव्हा तो चालत सरहद्द ओलांडून निघाला होता. तिथं आधी कॅमेरामन आणि मग दिग्दर्शक म्हणून केलेले सगळे चित्रपट मागे राहिले. सोबत आला तो खिशातला प्रकाश मोजायचा मीटर. तोही तो क्वचितच बघायचा. डावा तळहात उन्हात धरायचा, बोटांच्या सावल्या पाहायचा आणि म्हणायचा, "अजून नाही." मला ही बुवाबाजी वाटायची.

करार सहा महिन्यांचा होता. नवं लाकडी जहाज समुद्रात ढकलतात तो सोहळा टिपायचा होता, आणि मागे मंडपात बसलेले बडे पाहुणे दिसायला हवे होते. "पाहुणे दिसले नाहीत तर करार संपला," आमच्या खात्याच्या साहेबानं त्याला माझ्यादेखत बजावलं. करार संपला की कुवेत सोडायचं, आणि परत जायला त्याला देश नव्हता.

जहाज ऐन भरतीला ढकलतात. वेळ कोण सांगणार? मी रत्नागिरीचा. आमच्याकडे शेंबडं पोरही तिथीची पाऊणपट करून भरतीचा तास सांगतं. त्या दिवशी चतुर्थी होती. "तीन वाजता," मी ठणकावून सांगितलं. साहेबानं निमंत्रणं छापली.

तीन वाजता पाहुणे आले. समुद्र आला नाही.

जहाजाचे दोर सांभाळायला आमच्याच बाजूचे एक चाचा होते. त्यांनी विचारलं, "तीन कोणी सांगितलान?"

"मी. चतुर्थीची पाऊणपट."

चाचा दोर सोडून हसायला लागले. "अरे, ती रत्नांगिरीच्या दर्याची! ह्यो दर्या तुज्या शालंत गेला नाय. पाच वाजतील."

"मग आधी सांगायचं नाही का, चाचा?"

"तू इचारलंस कदी? तू शिकलेला मानूस!"

साडेचारला पाहुणे हुद्द्याच्या क्रमानं उठून गेले. मागोमाग साहेब गेला, जाताना "उद्या दोघेही मला भेटा" एवढंच म्हणाला. मी दिग्दर्शकाची माफी मागायला वळलो. त्याचं लक्ष नव्हतं. तळहात उन्हात होता. ऊन आता पश्चिमेकडून आडवं, मधासारखं येत होतं.

"आता," तो म्हणाला.

पाणी चढलं. माणसांनी जहाजाला खांदे लावले, गाणं सुरू झालं, आणि ते एवढं मोठं धूड आधी कुरकुरलं, मग एकदम हलकं झालं. तो कॅमेरा खांद्यावर घेऊन उलट्या पावलांनी पाण्यात शिरला. मी त्याचा कमरपट्टा धरला होता. पाणी माझ्या छातीपर्यंत आलं. कॅमेरा हलू नये म्हणून त्यानं श्वास रोखून धरला होता.

दुसऱ्या दिवशी साहेबानं निकाल रिळं बघेपर्यंत लांबवला, आणि ती धुवायला विलायतेला गेली. ती परत आली तेव्हा साहेबानं ऑफिसच्या भिंतीवर दाखवायला लावली. भिंतीवर ओलं लाकूड उजळलं, घामानं चमकणारे खांदे एका लयीत वाकले, आणि जहाज सरळ आमच्या अंगावर आलं. साहेब खुर्चीत मागे सरकला. मी तिथं हजर होतो, कमरपट्टा माझ्या हातात होता, तरी ही संध्याकाळ मी पहिल्यांदाच पाहत होतो. साहेबाचा पाइप विझला होता. मंडपाचं नाव कुणी काढलं नाही.

"पुन्हा लावा," साहेब म्हणाला. आम्ही ते तीनदा पाहिलं.

करार आणखी तीन वर्षांसाठी वाढला. त्या तीन वर्षांत त्यानं कामगारांच्या सुरक्षिततेवर दोन चित्रपट काढले. दुसऱ्यात शिडीवरून पडतो तो मी.