आत्यानं अडवलेली सांज

आधी आत्याचं सांगते, बाकीचं मग. ती माझी सख्खी आत्या नव्हे. आमच्या मेंढरंवाल्यांच्या वस्तीवरची वडीलधारी बाई. लहानथोर सगळे तिला आत्याच म्हणत. मला माझी माय जिवंत भेटली ती या बाईमुळं.

माझी शाळा चौथीत सुटली, पुढं लग्न झालं, आणि नवऱ्यामागं मी ऊसतोडीला नगरकडं गेले. तिथं निरोप आला, मायनं अन्न सोडलंय, तुझंच नाव घ्यायलीय. विद्यापीठाच्या नामांतरावरून दंगलीचे दिवस होते. येताना मानवतला एस.टी. थांबली ती थांबलीच. कंडक्टर म्हणाला, "पुढं बंद हाय, बाई. उतरा." कुठं काय झालंय विचारलं तर जो तो वेगळंच सांगे. हातातली पिशवी मी इतकी आवळली होती की बोटं उघडेनात. कसंबसं स्टेशन गाठलं. आमच्या वस्तीजवळच्या चुडाव्याकडं जाणारी पॅसेंजर आली तेव्हा ऊन उतरलं होतं. खिडकीतून सूर्याकडं बघत मी त्याला शिव्या दिल्या, मग हात जोडले, मग पुन्हा शिव्या दिल्या.

आमच्या वस्तीवर एक नाच आहे, थोपा. तो सणाचा नाही की लग्नाचा नाही. मरणारं माणूस कुणाची वाट बघत असलं तर सांज अडवायला तो धरतात. असं माणूस दिवेलागणीला जातं, म्हणून दिवेलागणच होऊ द्यायची नाही. काळी घोंगडी अंथरायची. एकानं ढोलावर नुसती बोटं वाजवायची. थोपा धरणारीनं मावळतीकडं तोंड करून मागं मागं नाचत जायचं; काठ लागला की टाच न उचलता घसटत पुढं यायचं, अन् पुन्हा मागं. तिचे पाय हलतायत तोवर सांज झालेली नसते. कुणी दिवा लावत नाही, चूल पेटवत नाही, कोकरं आयांना सोडत नाही. आणि जितकी सांज अडवली तितकं धरणारीच्या आयुष्यातून जातं. त्यामुळं थोपा धरायला सहसा कुणी उठत नाही.

चुडाव्याला उतरून मी शेतातून पळत निघाले तेव्हा अंधार पडला होता. वस्ती दिसायला पाहिजे तिथं काहीच दिसेना. एक दिवा नाही, एका चुलीचा जाळ नाही. मयत झाली की आमच्यात चुली पेटत नाहीत. मी बांधावरच बसले. संपलं, म्हणलं, आता कशाला जायचं. किती वेळ बसले असेन कुणास ठाऊक. मग कोकरं ऐकू आली. सगळी एकदम, भुकेनं ओरडायलेली. अन् त्या ओरडण्याखाली ढोल. बोटांचा.

मी उठले अन् पळाले.

घोंगडीवर आत्या होती. दिसत नव्हती, तिच्या टाचांची घसट ऐकू येत होती. भोवती माणसं उभी होती. एक जण कुरकुरला, "आत्याबाई, पोरं भुकेजलीत. आता लय झालं."

"मग दुपारची भाकर द्या त्यांना," आत्या धापा टाकत म्हणाली. "अजून दुपारच हाय."

माझी चाहूल लागली तशी म्हणाली, "आलीस का बया? तुझ्यापायी माझे गुडघे गेले. जा आत. मी हाय हितं."

आत काहीच दिसेना. मायचा हात चाचपडून धरला, हाडंच लागली. "कोण?" माय म्हणाली. "मी." तिनं माझं तोंड बोटांनी चाचपलं, कपाळ, नाक, हनुवटी.

"वाळलीस. नवरा खाऊ घालत न्हाई का?"

"घालतो की."

"दिवा लाव. तुझं तोंड बघू दे."

माझा हात उचलेना. काडी ओढली की सांज होणार, हे मला माहीत होतं अन् तिलाही. "राहू दे माय, अशीच बोल," मी म्हणाले.

बाहेर घसट चालूच होती. माय ती ऐकत होती. "ती बाई किती नाचंल गं," म्हणाली. "तिचं आयुष्य खायलाव आपण. लाव."

काडी ओढली. मायनं मला बघितलं, अगदी नीट, मेंढरू विकत घेताना बघावं तसं. बाहेर ढोल थांबला. कोकरं सुटली. वस्तीवर एकेक दिवा लागत गेला. माय माझ्याकडं बघतच होती, अन् मग तिचे नुसते डोळे उघडे राहिले.

आत्या दारात पाय पसरून बसली होती. टाचा सोलल्या होत्या. मी पाया पडायला वाकले तर म्हणाली, "धरू नको गं, दुखायलेत."

आता मी पुन्हा गावापासून लांब आहे. सांजेला दिवा लावताना रोज जीव धसकतो, तिकडं आत्याचं कसं असेल, तिच्यातलं किती गेलं असेल, निरोप मला वेळेवर मिळेल का. आत्या, तुझी सांज जवळ आली की कुणाकडून तरी कळव. रस्ते बंद असले तर चालत येईन. घोंगडी मी अंथरीन, अन् तू पुरे म्हणेस्तोवर माझ्या टाचा थांबायच्या नाहीत.