खळ लावलेली नाव

आमची नाव वारा नसताना हलायची. पाळण्यात लेकरू टाकून कोणी दोरी धरावी, तशी. तलाव ताटातल्या पाण्यासारखा निपचित पडलेला, घाटावरच्या कडुनिंबाचं पान हलत नाही, आणि खुंटीला बांधलेली रिकामी नाव आपल्याच नादात डुलते आहे. पाहणाऱ्याच्या अंगावर काटा यायचा. एका माणसाच्या तर मिशा उभ्या राहिल्या होत्या, आणि त्या पुढे जन्मभर बसल्या नाहीत.

गोष्ट सत्तर सालच्या आगेमागची. नागपूरच्या महाल वस्तीला लागून तलाव आणि तलावाला लागून आमचं घर. घरात खड्ड्याचा माग. माझा नवरा कमरेपर्यंत खड्ड्यात बसायचा, पायांनी फळ्या दाबायचा, हाताने धोटा फेकायचा आणि नऊवारी लुगडी विणायचा. मी कांड्या भरायची आणि खळ शिजवायची. खळ म्हणजे पिठाची चिकट पेज. ती पाजल्याशिवाय ताण्याचं, म्हणजे उभं, सूत ताठ होत नाही, मागावर चढलं की तटातट तुटतं. आमच्या घरात सूत आधी जेवायचं, माणसं मागून.

मग इतवारीच्या बाजारात पॉवरलूमची लुगडी आली आणि व्यापाऱ्यांनी आमची घेणं सोडलं. नवऱ्याने एके दिवशी माग सोडवला आणि खड्डा बुजवला. वरून मी शेण सारवलं. पण माती बसायला तयार नव्हती. पाय पडला की खालून दबका आवाज यायचा, एक-दोन, एक-दोन. नवऱ्याचे पायही थांबेनात. झोपेत ते फळ्या दाबायचे. खाट चालू लागायची. सकाळी मला नवरा दारापाशी सापडायचा.

तलावावर त्याचा एक दोस्त होता, जातीने ढिवर, म्हणजे मासे धरणारा. अर्ध्या तलावावर त्याच्या शिंगाड्याच्या वेली पसरलेल्या असत. उपासाच्या दिवसांत अख्खा महाल त्याचे शिंगाडे उकडून खायचा. त्याची एक जुनी फुटकी नाव काठावर पालथी पडली होती. रविवारी लोक तलावावर हवा खायला येऊ लागले होते. ही नीट केली तर त्यांना फिरवता येईल, असं नवऱ्याच्या डोक्यात आलं. दोस्ताने नाव देऊन टाकली, सल्ला वर फुकट दिला.

"सांधीत सूत ठोक गा, अन् वरून डांबर मार."

"डांबर सुताले मारते," नवरा म्हणाला. "म्या खळ पाजतो. खळीनं सूत तार होते, तार."

"अबे, पाण्यात सोडाची हाय ना ते! लुगडं नाही नेसवाचं तिले."

"तू शिंगाडे उकड. सुताचं मले नोको शिकवू."

मी लग्नाच्या पंगतीची कढई मागून आणली आणि खळ शिजवली. नवऱ्याने फळ्याफळ्यांतल्या सांधीत सूत ठासलं आणि नवरीच्या लुगड्याचा ताणा असावा तशी त्या नावेला खळ पाजली. उन्हात ती इतकी कडक झाली की टिचकी मारली तर देवळातल्या घंटेसारखी वाजायची. मग आम्ही तिला पाण्यात लोटलं. तलावाच्या मध्यावर पोचेपर्यंत आम्ही गुडघाभर पाण्यात बसलो होतो, नावेच्या आत. काठावर दोस्त इतका हसला की तोच पाण्यात पडला.

शेवटी तोड निघाली: आतून डांबर, बाहेरून खळ. बाहेरून खळ कशाला, असं कोणी विचारलं की नवरा खळीचा आणखी एक हात मारायचा. आयुष्यभर प्रत्येक ताण्याला खळ पाजलेला माणूस तो. आता दर आठवड्याला नाव काठावर ओढायची, वाळवायची आणि पुन्हा खळ लावायची.

एका दुपारी मी त्याची भाकर घेऊन घाटावर गेले. तो वरच्या पायरीवर उभा होता, चेहरा धुतलेल्या सुतासारखा पांढरा. खाली नाव डुलत होती.

"तू हालवून राहिली का वं?"

"मी इथं उभी हाओ ना तुमच्यापाशी! माये हात का दोरखंडाचे हायेत?"

आम्ही दोघं खाली उतरलो. मी पायरीवर बसून नावेच्या पोटाखाली हात घातला आणि किंचाळले. पाण्याखाली तोंडं होती. लहान लहान, मऊ, बिनदाताची, शेकडो तोंडं. त्यांनी माझी बोटं चोखून पाहिली, आवडली नाहीत, आणि पुन्हा नावेला लागली. तलावभरचे मासे खळ खायला जमले होते. एकेक ओढ मुंगीएवढी, पण सगळ्यांची मिळून नाव हलवण्याएवढी.

"तुयी बायको रांधते चांगलं," माझी किंचाळी ऐकून वेलींतून आलेला दोस्त नवऱ्याला म्हणाला. "पुरी नाव खाऊन राहिले गा मासे."

हे त्या दोघांनी गुपित ठेवायचं ठरवलं. मी मात्र दुसऱ्याच सकाळी गल्लीत सांगून टाकलं की नावेत आसरा बसते. आसरा म्हणजे पाण्यातल्या सात बाया. त्यांच्यासाठी आमच्याकडे काठावर हिरव्या बांगड्या ठेवतात, आणि ठेवून झाल्या की मागे वळून पाण्याकडे बघत नाहीत. मी सकाळी एकच आसरा सोडली होती. संध्याकाळी इतवारीहून सातही परत आल्या, त्यातली एक लंगडी होती.

लोक तुटून पडले. नंदनवन वस्तीकडून सायकलरिक्षा भरभरून यायच्या. फुटाणेवाला आला, फुगेवाला आला, उसाचा रस आला. एक फोटोवाला रंगवलेला पडदा घेऊन आला. त्यावर समुद्र आणि जहाज होतं. लोक तलावाकडे पाठ करून समुद्रासमोर फोटो काढायचे आणि मग आमच्या नावेत बसून जीव मुठीत धरायचे. नाव हलली की बाया हात जोडत, पुरुष खोकत. नवरा वल्ही मारता मारता गंभीरपणे म्हणायचा, "भेऊ नोका. घरच्या हायेत." पोटाची आमची चिंता मिटली. मुख्य म्हणजे खाट घरात चालायची थांबली.

पण मला स्वतःचीच गोष्ट बाधली. एकदा आठवड्याच्या शेवटी, खळ पूर्ण धुऊन गेलेली असताना, मी एकटीच नावेत पाणी उपसत बसले होते. हात बाहेर घालून पाहिला, एकही तोंड नाही. आणि नाव हलत होती. हळू, मोजून मापून, आधी डावीकडे, मग उजवीकडे. तो ठेका मी लग्न झाल्यापासून ऐकत आले होते. कोणीतरी पाण्याखाली बसून फळ्या दाबत होतं. त्या दिवसापासून मी काठावर बांगड्या ठेवू लागले, खऱ्या, माझ्या पैशाच्या.

गर्दी बघून ठेकेदार आला. त्याने अख्ख्या तलावाचा ठेका घेतला. काळा गॉगल, पांढरे बूट, आणि मुंबईच्या समुद्रातून आणलेली म्हणे, अशी इंजिनाची बोट.

"काकू, बघाच आता," तो मला म्हणाला, "नागपूरले समुद्र आणतो का नाही!"

बोट सुरू झाली की महालातल्या भांड्यांवर भांडी आदळायची. धूर असा निघायचा की घाटावरचे पांढरे बगळे कावळे वाटायचे. लोकांना ती फार आवडली. फुटाणेवाल्याच्या जागी चार फुटाणेवाले झाले. खोटं कशाला बोलू, आमच्या गल्लीतल्या कितीतरी घरांत त्या ठेकेदारामुळे चूल पेटली. आमची नावही त्याने राहू दिली. भुताची नाव पाहायला येणारा माणूस जाताना मोटारबोटीतही बसायचा.

पण बोटीच्या पंख्यात शिंगाड्याच्या वेली अडकू लागल्या. एका सकाळी आम्ही घाटावर गेलो तर दोस्त छातीभर पाण्यात उभा राहून आपल्याच वेली उपटत होता. शिंगाडे अजून कोवळे होते, दाबले तर दूध निघेल असे.

"काहून उपटून राहिला गा?" नवऱ्याने विचारलं.

"रोजी देऊन राहिला तो." दोस्ताने मान वर केली नाही. "म्या नाही उपटले तर दुसरा उपटते. दुसरा मुळासकट वरबाडते. म्या हळू उपटतो."

काठावर वेलींचा ढीग लागला. तो सडला, आणि त्याच्या कडेने बेशरमाची झुडपं उगवली, जांभळ्या फुलांची, गाईही तोंड लावत नाहीत अशी. दोस्त नंतर घाटावर उकडलेले शिंगाडे विकायला बसला. ते दुसऱ्या गावच्या तलावातून यायचे.

वेली गेल्या आणि पाणी उघडं पडलं. त्यावर बोटीचं तेल पसरलं, ऊन पडलं की रंग पालटणारं. विणकराचा डोळा वाईट. नवरा आधी खूश झाला.

"पाह्य वं, धूपछाव! असा पदर मले कधी जमला नाही."

त्या पदराखालून मासे वर आले, पोटं वर करून. आधी लहान, मग मोठे. सावजी खानावळवाल्यांनी आमच्या तलावाचा मासा घेणं बंद केलं. म्हणाले, एवढं तिखट टाकूनही रॉकेलच वर येते.

आणि आमची नाव थांबली.

आठवडा झाला, आम्ही तिला काठावर ओढली. बाहेरची खळ जशी लावली तशी होती, मऊ पडलेली, पण कोणी न चाखलेली. पिंडाला कावळा शिवला नाही की घरची माणसं जशी एकमेकांकडे बघतात, तशी आम्ही दोघं बघत राहिलो. नवऱ्याने ती खरवडली आणि ताजी लावली. पुढच्या आठवड्याला पुन्हा तेच. मी खळीत तूप घातलं, गूळ घातला. एकदा तर मिरे घातले. कोणाला काय आवडेल सांगता येत नाही. नाव मात्र दगडात कोरल्यासारखी उभी. आधी ती हलते म्हणून भीती वाटायची. आता हलत नाही म्हणून मी तिच्याकडे पाठ करून उभी राहत नसे.

खाट पुन्हा दाराकडे चालू लागली.

आमच्या नावेकडे लोक येईनासे झाले. नवरात्र संपत आलं तेव्हा ठेकेदार म्हणाला, "देखो भाऊ, हलते म्हणून ठेवली होती. पब्लिक हलती नाव पाहाले येते. मी परवा येतो. हलली तर ठेवा, जन्मभर ठेवा. नाही तर काढून घ्या. मले पायडलच्या बोटींसाठी जागा पाहिजे."

नाव काढायची म्हणजे पोटासाठी इतवारीत हातगाडी ढकलायची. खड्ड्यात बसून बसून नवऱ्याचे गुडघे गेलेले. गाडीपुढे तो किती दिवस टिकला असता ते मला दिसत होतं. त्यालाही दिसत होतं. तो म्हणाला, "खळ मांड."

त्या दिवसांत हस्ताच्या सरी येऊन गेल्या होत्या. मोटारबोटीचं इंजिन बिघडून पायरीवर उघडं पडलं होतं, पाणी जरा निवळलं होतं. सांज व्हायच्या आधी आम्ही ताजी खळ लावलेली नाव पाण्यात सोडली, खुंटीला बांधली, आणि दोन टोकांना दोघं बसलो. बसलो, बसलो. काही नाही. नवऱ्याचा चेहरा बुजवलेल्या खड्ड्यासारखा झाला.

मला ते बघवेना. मी लुगड्याआड टाच नावेच्या कडेला लावली आणि हळूच दाब दिला. सोडला. पुन्हा दाब दिला. नाव हलली.

"आल्या," नवरा म्हणाला. अगदी हळू, झोपलेल्याला जाग येऊ नये असा.

मी टाच दाबत राहिले. पोटऱ्या भरून आल्या, पाय बधिर झाला. शेवटी मी टाच काढून घेतली आणि पदर तोंडाला लावून डोळे मिटले, आता ही थांबेल म्हणून.

नाव थांबली नाही.

डावीकडे, उजवीकडे. एक-दोन. मी डोळे उघडून आधी नवऱ्याचे पाय बघितले. मांडी घातलेली होती, हात गुडघ्यांवर. कडुनिंबाचं पान हलत नव्हतं.

"तू हालवून राहिली का वं?"

"नाही," मी म्हणाले. त्या संध्याकाळी मी बोललेलं एवढंच खरं.

त्याने वाकून नावेच्या पोटाखाली हात घातला. बराच वेळ ठेवला. मग काढला, बोटं निरखली, धोतराला पुसली. तोंडं होती की नव्हती, मी विचारलं नाही; खाली दुसरं काही लागलं असतं तर मला ऐकायचं नव्हतं. घरी जाताना वाटेत तो एवढंच म्हणाला, "ठेकेदाराच्या लोकायले समजलं तर गर्दी आणून यायले पुन्हा हाकलतीन."

तिसऱ्या दिवशी ठेकेदार आला, पांढरे बूट वाचवत पायऱ्या उतरला. त्याचा मिस्त्री मोटारबोटीचं इंजिन जोडत होता आणि ठेकेदाराचं सगळं लक्ष तिकडे.

"काय भाऊ, हलली का?"

नवरा त्याच्या आणि नावेच्या मधे जाऊन उभा राहिला.

"नाही हालत," तो म्हणाला. "मेली ते. दुपारी काढून घेतो."

त्याच्या पाठीमागे नाव डुलत होती. खुंटीचा दोर ताणायचा, सैल पडायचा. जिने अख्ख्या महालात सात बाया सोडल्या होत्या, ती मी त्या दोराकडे बघत उभी राहिले आणि तोंडातून शब्द काढला नाही.

"मग काढा," ठेकेदार म्हणाला आणि इंजिनाकडे वळला.