ओळखीचं काहीतरी

ग्रीसहून आलेला तो गिटारवादक फक्त हयात संगीतकारांच्या रचना वाजवतो. पुण्यातल्या छोट्या सभागृहात त्याने माझ्या पुढच्या रांगेतल्या मुलीची रचना वाजवली. ती आईशेजारी ओढणी मुठीत घट्ट धरून बसली होती. रचना संपली, टाळ्या जेमतेम पडल्या.

"आता काहीतरी ओळखीचं होऊ द्या!" मागून एका काकांनी फर्माईश केली. लोक हसले. मुलीने मान खाली घातली. तिच्या खांद्यावर हात ठेवावासा वाटला, पण ठेवला नाही.

आयोजकांनी त्याला इंग्रजीत अर्थ सांगितला. त्याने शांतपणे तार छेडायचं एक नख छोट्या कानशीने घासलं आणि तो इंग्रजीतच म्हणाला, "मग हीच. हिच्याशी तुमची आता थोडी ओळख झालीय." त्याने तीच रचना पुन्हा पहिल्यापासून सुरू केली.

आज आपल्याला पाठ असलेली प्रत्येक चाल कधीतरी अशीच परकी वाटली असेल. कुणीतरी न रागावता ती पुन्हा वाजवली असेल. असं कुणी न भेटल्यामुळे किती चाली विरून गेल्या, कुणास ठाऊक.

"हे मघाशी आलं होतं ना गं?" आईने हळूच विचारलं.

मुलीने होकारार्थी मान हलवली. ओढणी तिच्या मुठीतून सुटली होती.