धुऊन किती?

जीजींना मी पहिल्यांदा पाहिलं तेव्हा त्या अंगणात बसून नवंकोरं कापड बादलीत बुचकळत होत्या. कापडावर दुकानाचा शिक्का अजून तसाच होता. मी इंदूरच्या परदेशीपुऱ्यात खोली शोधत हिंडत होतो, हातात ट्रंक. मला वाटलं, बाईंचं काहीतरी बिनसलेलं दिसतं. नवं कापड कुणी धुतं का? त्यांनी मान वर न करताच विचारलं, मिलमधला ना तू? मी हो म्हटलं.

"मग सांग, हे तीन मीटर आहे. धुऊन किती?"

मी म्हटलं, तीन मीटर ते तीन मीटरच. त्यांनी पिळा घट्ट केला, कापड झटकून दोरीवर टाकलं आणि म्हणाल्या, "तुमच्याच मिलचं आहे. दुकानात तीन, धुतलं की पावणेतीन. मिलमधला माणूस असून कोरं कापड मोजतोस? चल, खोली दाखवते."

खोलीचं भाडंही त्यांनी मला "धुऊन" सांगितलं. म्हणजे नळाचं पाणी, बल्ब, दिवाळीचा चुना आणि पावसात पत्रा गळला तर डांबर, सगळं धरून. "मागून वर एक पैसा मागणार नाही. आणि तूही मागून कमी द्यायचं नाही." मी सातवीत शाळा सोडून यावल तालुक्यातल्या गावाहून मामाच्या ओळखीने इंदूरला आलो होतो, बदली कामगार म्हणून, म्हणजे कुणी गैरहजर असेल त्या दिवशीच काम. माझ्याशी इतकं सरळ कुणी बोललं नव्हतं. मी ट्रंक खाली ठेवली ती बारा वर्षांसाठी.

जीजी मुलींच्या शाळेत शिवणाच्या बाई होत्या. यजमान लवकर गेले, मुलगा नोकरीसाठी भोपाळला. गल्लीतले लहानथोर, मराठी, मालवी, सगळे त्यांना जीजीच म्हणत. त्यांची मराठी इंदुरी. रागावल्या की हिंदीत जायच्या आणि राग ओसरला की परत यायच्या. कापड भिजवल्याशिवाय कात्री लावायची नाही हा त्यांचा नेम. बायका धुतलेलं कापड घेऊन येत, तरी जीजी ते पुन्हा भिजवत. "तू धुतलं असशील, मला काय मालूम? मी धुतलं ते धुतलं." त्यामुळे त्यांच्या दोरीवर कायम न शिवलेले कपडे वाळत असायचे.

हा नेम त्यांनी सगळ्या जगाला लावला होता. फूलकोबीवाल्याला विचारायच्या, पाला काढून किती? शेजारच्या गुप्ताजींनी हौसेने स्कूटर आणली. गल्ली पेढे खात होती आणि जीजी विचारत होत्या, पेट्रोल, टायर आणि तुमचा धाकटा ती ठोकणार ते धरून किती? गुप्ताजी म्हणाले, जीजी, आपको तो पेड़ा भी धोकर देना पड़ेगा. जीजींनी पेढा तोंडात टाकून सांगितलं, हा चालेल.

पुढे मिल बंद झाली. भोंगा वाजेना तेव्हा पहिले काही दिवस गल्लीत कुणाला कधी उठावं ते समजेना. कुणी भाजीची गाडी लावली, कुणी रिक्षा घेतली. माझ्यासोबत कातणखात्यात असलेला मोहनभिया एका फायनान्स कंपनीचा एजंट झाला. मला बऱ्याच खटपटीनंतर पीथमपुरात एका कारखान्यात काम लागलं. पगार मिलइतकाच, पण नोकरीचा भरवसा मनात बसेना. बस चुकेल, मशीन बिघडेल, नाव कमी होईल, अशी भीती घेऊनच मी रोज निघायचो. मिल बंद पडू शकते तर काय पडू शकत नाही?

तोवर माझं लग्न झालं होतं. मंगला आणि चार वर्षांची वैशू गावी माझ्या आईपाशी होत्या. जीजींच्या मागच्या खोलीत एक खाट आणि एक स्टोव्ह मावायचा. वर्षातून दोनदा गावी जायचो तेव्हा वैशू आधी आजीच्या पदराआड लपायची आणि मी परत निघायच्या दिवशी मांडीवर येऊन बसायची. शेवटच्या खेपेला तिने मंगलाला विचारलं होतं की हे पाहुणे पुन्हा कधी येणार. त्यानंतर मला दुसरं काही सुचेना. घर पाहिजे होतं. खजरान्याच्या पुढे एका नव्या वसाहतीत दीड खोलीचं घर विकायला होतं. जमवलेले पैसे धरून साठ हजार कमी पडत होते.

खजरान्याच्या गणपतीला जाऊन, तिथल्या रिवाजाप्रमाणे, मी भिंतीवर उलटा स्वस्तिक काढून आलो. काम झालं की सुलटा काढायचा. जीजींना सांगितलं तर म्हणाल्या, "गणपतीला सांगितलंस ते बढिया केलंस. बँकेला विचारलंस का?"

बँकेला विचारायची मला भीती वाटायची. पण मोहनभिया घरी यायचा, खाटेवर बसायचा, आपला माणूस. त्याच्या कंपनीचं व्याज अकरा टक्के, आणि बँकेचं पंधरा. आम्हा मिलवाल्यांना एकच प्रश्न विचारायची सवय, हप्ता किती? सायकल असो, रेडिओ असो, हप्ता पगारात बसला की वस्तू घरात. मोहनभिया म्हणाला, दहा वर्षं, महिन्याला एक हजार पन्नास. मी मनात पगारातून ते वजा केले. कसंबसं बसत होतं. रविवारी तो कागद घेऊन आला तेव्हा मी जीजींच्या अंगणातच सही करायला बसलो, कारण त्यांच्याकडे टेबल होतं.

जीजींनी चहा आणला आणि मोहनभियाला विचारलं, बेटा, हे धुऊन किती? त्याने हिशोब सांगितला. साठ हजारांवर अकरा टक्के, म्हणजे वर्षाला सहा हजार सहाशे. दहा वर्षांचे सहासष्ट हजार. मूळ साठ मिळवले की एक लाख सव्वीस हजार. भागिले एकशेवीस महिने. सगळं सरळ होतं. मीही मान हलवली.

जीजी पदराला हात पुसत म्हणाल्या, "उन्हाळी वर्गासाठी मी शिवणाच्या बारा मशिनी भाड्यानं आणायची. समज, दर महिन्याला एक मशीन परत केली. शेवटच्या महिन्यात माझ्याकडे किती मशिनी?"

मोहनभिया म्हणाला, एक.

"आणि भाडं किती मशिनींचं देऊ?"

तो हसला. म्हणाला, "जीजी, मशीन अलग, पैसा अलग."

"अलग कसा रे? दोन्ही दुसऱ्याच्या वस्तू, दोन्ही परत करायच्या. हा पोरगा दर महिन्याला थोडं मुद्दल परत करणार. नवव्या वर्षी त्याच्याकडे तुमचे साठ हजार असतील का? मग साठ हजारांचं भाडं कशाचं घेता?"

मोहनभिया कागदावरचे आकडे पुन्हा वाचत राहिला. चहा थंड झाला तरी त्याने कपाला हात लावला नाही. मला वाटलं, चिडला. मग हळूच म्हणाला, "मी स्वतःच्या घरासाठी याच कंपनीचं कर्ज घेतलंय, जीजी." जीजींनी त्याच्यासाठी चहा परत गरम करून आणला आणि त्याला सोमवारी शाळा सुटल्यावर यायला सांगितलं. माझा कागद त्याने स्वतःच घडी करून पिशवीत टाकला.

बँकेत जीजी माझ्यासोबत आल्या. मी साहेबांपुढे उभाच होतो; जीजींनी माझ्या शर्टाची बाही ओढून मला खुर्चीत बसवलं. पंधरा टक्के, दहा वर्षं, हप्ता नऊशे अडुसष्ट. मला वाटलं साहेब चुकले. अकराचा हप्ता हजार पन्नास आणि पंधराचा कमी कसा? साहेबांनी समजावलं की इथे जेवढं मुद्दल उरेल तेवढ्यावरच व्याज. जीजींनी माझ्याकडे बघितलं: घरात उरलेल्या मशिनींचंच भाडं. पण त्या तिथे थांबल्या नाहीत. पहिल्या हप्त्यातलं व्याज किती आणि मुद्दल किती, तेही विचारलं. साहेबांनी आकडेमोड करून सांगितलं, साडेसातशे व्याज, दोनशे अठरा मुद्दल. आणि सगळं मिळून दहा वर्षांत? एक लाख सोळा हजारांच्या वर.

बँकेचं कर्ज म्हणजे स्वस्त, आता सुटलो, असं मी धरून चाललो होतो. हे तर जवळपास दोन घरांचे पैसे. एकात मी राहणार आणि एक बँकेला बांधून देणार. त्यात पाच वर्षं फेडलं तरी अर्धं फिटलेलं नसणार, कारण सुरुवातीचे हप्ते बहुतेक व्याजातच जाणार. चार दिवस मला जेवण गेलं नाही. पाचव्या दिवशी मी जीजींना सांगायला गेलो की घर राहू द्या, मंगलाला मी कळवतो.

जीजी वैशूचा फ्रॉक बेतत होत्या. त्यांनीच मंगलाकडून माप मागवलं होतं आणि मंगलाने पाकिटातून दोरा पाठवला होता, खांद्याला एक गाठ, कमरेला एक, गुडघ्याला एक. तो दोरा टेबलावर पसरलेला होता. माझी पोर एवढीशी, असं मला त्या दोऱ्याकडे बघून वाटलं. जीजींनी फ्रॉकचं कापड गाठीच्या बरंच खाली कापलं. मी म्हटलं, लांब होईल. त्या म्हणाल्या, आत दुमडून तीन पट्ट्या ठेवते, दरवर्षी एक सोडायची.

मग मी मनातलं सांगितलं. त्या रागावतील असं वाटलं होतं. त्यांनी कात्री खाली ठेवली.

"सुपडू, मी तुला कापड धुऊन दाखवलं ते फेकून दे म्हणून नाही. आटायचं ते आधी आटवून घ्यावं, आणि वाढणाऱ्याला जागा ठेवावी. हप्ता आज नऊशे अडुसष्ट, दहा वर्षांनी पण नऊशे अडुसष्ट. तो वाढणार नाही. तू वाढणार नाहीस का?"

मी म्हटलं, आणि कारखाना बंद पडला तर?

ही खरी भीती होती. असं थोडी होतं, असं त्या म्हणाल्या नाहीत. त्यांच्या गल्लीत ते झालेलं होतं. त्यांनी दोरा बोटाला गुंडाळला. मग म्हणाल्या, "शिलाईला दोन्हीकडे बोटभर कापड सोडतो ना अपन? सहीच्या आधी चार हप्त्यांचे पैसे पोस्टात टाक. तेवढ्यात दुसरं काम शोधता येतं. आणि दिवाळीचा बोनस आला की मिठाईच्या आधी बँकेत जायचं. तो मुद्दलात टाका असं तोंडाने सांगायचं, लिहून घ्यायचं. सुरुवातीला परत केलेली मशीन दहा वर्षांचं भाडं वाचवते. शेवटी परत केलेली काय वाचवणार?"

चार हप्त्यांचे पैसे जमवायला सहा महिने लागले. घरमालक थांबला, कारण जीजी त्याच्याकडे जाऊन बसल्या. मग बँकेने जामीनदार मागितला. माझं इंदुरात कोण होतं? मी तोंड उघडायच्या आत जीजींनी चष्मा काढून पुसला आणि साहेबांना विचारलं, हा पळून गेला तर मला धुऊन किती पडेल? साहेबांनी गंभीरपणे सगळं सांगितलं, पेन्शनपर्यंत. जीजींनी ते पूर्ण ऐकून घेतलं आणि सही केली. बाहेर आल्यावर मी बाहीने डोळे पुसले. त्या म्हणाल्या, रडू नको, मला आता नवा भाडेकरू बघायचाय. तुझ्यासारखा घाबरट, वेळेवर भाडं देणारा पुन्हा कुठे मिळणार?

मंगला आणि वैशू आल्या तेव्हा फ्रॉक बरोबर गुडघ्याखाली बसला. पुढच्या वर्षी पहिली पट्टी सोडली. ज्या दिवाळीला बोनस निम्मा आला त्या दिवाळीलाही मी आधी बँकेत गेलो. मधे कारखान्यात दोन महिने काम नव्हतं; पोस्टातल्या पैशांनी तेवढे दिवस काढले. मिलची अडकलेली रक्कम कोर्टकचेऱ्या होऊन हातात आली. मंगलाला बांगड्या हव्या होत्या, माझ्याही मनात होतं. दोघं मिळून जीजींकडे गेलो. त्यांनी काही सांगितलं नाही, फक्त मंगलाला विचारलं, बांगडी धुऊन किती? मंगला हसत सुटली आणि आम्ही तिथूनच बँकेत गेलो. मोहनभियाही तोवर त्याचं कर्ज बँकेकडे वळवून मोकळा झाला होता. आता तो विम्याचं काम करायचा आणि जीजींच्या गल्लीत जरा जपूनच यायचा.

दहा वर्षांचं कर्ज सातव्या वर्षी फिटलं. बँकेने घराचे कागद परत दिले त्या दिवशी आम्ही तिघं खजरान्याला जाऊन सुलटा स्वस्तिक काढून आलो आणि तसेच परदेशीपुऱ्यात गेलो. जीजी फार थकल्या होत्या. मोतीबिंदूचं ऑपरेशन नीट झालं नव्हतं, दिसायचं अंधुक. त्यानंतर वर्षभरात त्या गेल्या; भोपाळहून मुलगा वेळेवर पोचला आणि खांदा द्यायला मोहनभिया आणि मी दोघं होतो. पण मला त्या आठवतात, त्या आम्ही कागद घेऊन गेलो त्या दिवशीच्या.

मी कागद त्यांच्या हातात दिले. त्यांनी ते चाचपले आणि विचारलं, धुऊन किती पडलं? मी आकडा सांगितला, नव्याण्णव हजारांच्या आसपास. सतरा हजार वाचले, जीजी. त्या म्हणाल्या, ते वाचले ते ठीक. पोर कुठंय?

वैशू पुढे झाली. जीजींनी तिच्या खांद्यापासून गुडघ्यापर्यंत हात फिरवला. "उंच झालीस गं. आता कुठल्या पट्टीनं भागायचं नाही." वैशूने पिशवीतून शाळेच्या युनिफॉर्मचं निळं कापड काढून त्यांच्या मांडीवर ठेवलं. जीजी सवयीने बादलीसाठी उठू लागल्या.

"भिजवून आणलंय, जीजी," मी म्हणालो. "दोनदा."

त्यांनी कापडाचा काठ बोटांत धरला, चुरगळून पाहिला, नाकाशी नेला. मी उभाच होतो, बँकेत उभा राहायचो तसा. मग त्यांनी बादली पायाने बाजूला सारली, चाचपडत टेबलावरची कात्री उचलली आणि वैशूच्या हातात दिली.

"मग काप," त्या म्हणाल्या. "खाली पट्टी ठेव."