साडूभाऊंचा मोमेंटम

जगात कुठंही चुकीचा शब्द वापरला गेला, तरी त्याचा पहिला चटका आमच्या थोरल्या साडूंना बसतो. अर्जुनी मोरगावजवळच्या एका शाळेत ते विज्ञान शिकवायचे आणि मुलींना कबड्डीही. खेळात ‘मोमेंटम’ म्हणजे संघाला चढलेला जोर आणि पुस्तकात वस्तुमान गुणिले वेग. या एका शब्दापायी त्यांनी निम्मा तालुका दुखावलाय. दिवाळीनंतरच्या मंडईत, म्हणजे आमच्याकडच्या जत्रेत, कबड्डीचा सामना रंगला होता. माइकवाला ओरडला, “मोमेंटम अब अपने हाथ में है!” साडू थेट मंचावर. “हातात कायचा? तू बसून राहिला, तुह्याजवळ शून्य आहे!” साडू दिसले, की तो माइकवाला अजूनही उभा राहतो.

बरं, स्वतः तरी शहाणपणानं वागावं! एकदा सूत्रावर विसंबून त्यांनी संघातल्या सर्वांत दणकट मुलीला लांबून धावत चढाईला पाठवलं. समोरच्या मुली नुसत्या बाजूला झाल्या आणि ही पलीकडची रेषा ओलांडून जिलेबीच्या दुकानात. साडू म्हणाले, “सूत्र बरोबर होतं. थांबणं शिकवाचं राहिलं.”

दोन वर्षांपूर्वीच्या मंडईत मात्र हसण्यासारखं काही नव्हतं. कर्णधार मुलीच्या बापानं बजावलं होतं, हरलीस तर खेळ बंद, धान कापायला घरी. मध्यंतरानंतर आघाडी गेली. ती धापा टाकत आली. “सर, मोमेंटम गेला ना आपला!” मी मनात म्हटलं, आता हिची शिकवणी होणार. साडूंचे ओठ हलले, मिटले. मग म्हणाले, “गेला असन. आणू वापस.”

नाही आला. थोडक्यात हरलो.

दुसऱ्या दिवशी सकाळी साडू विळा घेऊन त्या बापाच्या बांधीत, म्हणजे धानाच्या खाचरात, हजर. “तिच्या वाटचं धान मी कापतो. तिले मैदानावर पाठव.”

“सर, तुमी कायले?”

“पाठव म्हणतो ना!”

दुपारपर्यंत बोट कापून घेतलं. बाप हात जोडू लागला, पण हे हटेनात. दिवाळीच्या उरलेल्या सुट्या त्या बांधीत गेल्या. शेवटी बापच म्हणाला, “खेळू द्या सर, पण तुमी आता बांधीतून निंगा.”

यंदा ते निवृत्त झाले. कंबर धरते, तरी मैदानाच्या कडेला खुर्ची टाकून बसतात. ती मुलगी चढाईला निघाली, की शेजारी बसलेल्या माझा हात घट्ट धरतात. या माणसाचा मला फार लोभ आहे. त्यांना तसं सांगायला अजून जमलेलं नाही.