नानांच्या फोनवरचा गेम

बोरीवली पूर्वेला एका चष्म्याच्या दुकानात जानकी परब काउंटर सांभाळते. काचा बसवून होईपर्यंत गिऱ्हाइकाला थांबावं लागतं, आणि हल्ली निम्मं गिऱ्हाईक म्हणजे आईचा हात धरून आलेली शाळकरी पोरं. आया रडकुंडीला आलेल्या असतात.

"ताई, दिवसभर गेम. डोळ्यांची पार वाट लागली बघा."

"काढून घेऊन काय होणार? शेजारच्याच्या मोबाइलवर खेळेल," जानकी म्हणते. "कुलूप लावा, नि किल्ली आपल्या कनवटीला ठेवा."

मग ती त्यांचा फोन स्वतःच हातात घेते. पोराचं वय घालते, वयाला न शोभणारे गेम बंद करते, नवीन काही घ्यायचं झालं तर आईचा पासवर्ड लागेल असं करून देते. मराठी शाळेत शिकलेली बाई. इंग्रजी ओळ ओठ हलवत वाचते, पण वाचल्याशिवाय 'ओके' दाबत नाही. त्या भागात तिला 'कुलूपवाली ताई' म्हणतात. "कुलूपवाली ताई आहे का गं?" असं विचारत बायका येतात, चष्मा घ्यायचा नसला तरी.

तिच्या स्वतःच्या घरी कुलपं होतीच. तिच्या फोनला, नवऱ्याच्या, सुशांतच्या फोनला, टीव्हीलासुद्धा. एकुलती एक रुचिरा, पाचवीत. तिला एक घरं बांधायचा गेम हवा होता, ठोकळ्यावर ठोकळा रचायचा. त्यात अनोळखी माणसं येऊन बोलतात असं जानकीने वाचलं होतं, म्हणून तिने नाही म्हटलं. रुचिरा दोन दिवस फुगून बसली नि विसरली. निदान जानकीला तसं वाटलं.

राहिला होता तो सासऱ्यांचा, नानांचा फोन. पण नानांच्या फोनला घरात कोणी फोन समजतच नव्हतं. तो देवघरातल्या वस्तूंपैकी एक. सकाळी आरत्या, दुपारी भजनं, संध्याकाळी गावच्या मंडळाचा ग्रुप. घेतला तेव्हा जानकीनेच सगळं भरून दिलं होतं. जन्मतारीख एक जून, शाळेत घालताना मास्तरांनी लावून दिलेली, गावच्या निम्म्या म्हाताऱ्यांची असते तीच. त्या तारखेने फोनचा मालक ऐंशीच्या घरातला ठरला, आणि ऐंशीच्या माणसाला कुठला गेम बंद असणार? नानांना भजन लावता येत नसे. रुचिरा लावून द्यायची, मग फोन घेऊन त्यांच्याच शेजारी बसायची. नानांना कौतुक. "आमचा चेडू माका सोडून हलना नाय," असं ते येणाऱ्याजाणाऱ्याला सांगत.

त्या शुक्रवारी दुकानात रंगकाम होतं, म्हणून जानकी घरी होती. रुचिरा शाळेत. नाना खुर्चीत डुलक्या घेत होते, फोन मांडीवर. फोन वाजला. त्यांची झोप मोडू नये म्हणून जानकीने तो उचलला. गावच्या ग्रुपवर काही असेल असं तिला वाटलं.

ग्रुप नव्हता. तिने नाही म्हटलेला तोच घरं बांधायचा गेम, आणि आत इंग्रजी अक्षरांत लिहिलेली मालवणी.

"उद्या आजो पूजेक बसलो काय खाली ये. मागच्या गेटाकडे. आवशीक सांगू नको हां. तुझ्यासाठी खाजा आणतंय."

जानकीने ते वाचलं. पुन्हा ओठ हलवत वाचलं. मग ती देवघराच्या पायरीवर बसली.

वरचं सगळं वाचायला तिला धीर होईना, पण न वाचून चालणार नव्हतं. 'कोकणचो वाघ' असं नाव लावलेला कोणीतरी. पहिलाच प्रश्न त्याचा: "खंयची गो तू?"

आणि रुचिराने उत्तर दिलं होतं. जसं शिकवलं होतं तसं, सगळं. ही शिकवणही घरचीच. गणपतीला गावी गेलं की वाटेत भेटेल तो म्हातारा पोरांना विचारतो, कोणाची, खंयची म्हणजे कुठली. त्यावर गप्प बसणारं पोर म्हणजे आईबापांना वळण नाही. म्हणून नानांनी नातीकडून घोटून घेतलं होतं: "मी रुचिरा. सुशांत परबांची. बाळा परबांची नात. पाटोळी, मधली वाडी. मुंबयत बोरीवलीक, ओंकारेश्वर सोसायटी, बी विंग, चौथो माळो." एका दमात म्हटलं की खळ्यात, अंगणात जमलेलं सगळं गाव हसायचं, कोणीतरी हातावर लाडू ठेवायचं. तेच तिने इथे टाइप करून दिलं होतं. आणि मग हळूहळू बाकीचंही. आई कामाला कधी जाते, बाबा साकीनाक्याहून कधी येतात, नाना पूजेला बसले की किती वेळ डोळे उघडत नाहीत.

"देवा रवळनाथा," जानकी पुटपुटली. पुढचं गाऱ्हाणं तिला सुचेना.

तिने सुशांतला फोन लावला. मागे मशीनचा आवाज होता.

"ब्लॉक कर त्याला. डिलिट करून टाक सगळं, आत्ताच्या आत्ता."

"डिलिट केलं तर पोलिसांना काय दाखवू?"

"पोलीस? जानकी, पोरीचं नाव खराब होईल यार."

"त्याच्याकडे पत्ता आहे, सुशांत. मजला आहे. ब्लॉक केल्यावर तो मजला विसरणार आहे का?"

पलीकडचं मशीन बंद झालं. "निघतो मी," तो म्हणाला.

बोलण्याने नाना जागे झाले होते. जानकीने त्यांना वाचून दाखवलं. तिला वाटलं, ते हादरतील. पण पहिल्यांदा त्यांचा चेहरा उजळलाच.

"अगो, आपलोच माणूस दिसता. गाववालो."

"नाना, आपला माणूस 'आईला सांगू नको' म्हणेल?"

चष्मा काढून नानांनी तो बराच वेळ धोतराने पुसला. "परत वाच," म्हणाले. तिने वाचलं. 'आजो पूजेक बसलो काय' या शब्दांवर त्यांनी हात वर करून तिला थांबवलं.

शाळा सुटायच्या कितीतरी आधी जानकी फाटकाशी जाऊन उभी राहिली. रुचिरा बाहेर आली तेव्हा तिचं मनगट तिने असं धरलं की पोरगी म्हणाली, "आई, दुखतंय." रस्त्यात जानकीला ओरडायचं होतं, नि मिठीत घेऊन रडायचंही होतं, आणि दोन्हीतलं एक जरी केलं तरी पोरगी तोंड उघडणार नाही हे तिला कळत होतं. घरी आल्यावर तिने पोह्यांची ताटली पुढे ठेवली.

"तो खाजावाला कोण गं?"

रुचिराचा घास हातातच राहिला. "तो मामा आहे. आपल्या गावचा. आई, तो चांगला आहे, मला शिकवतो."

"काय शिकवतो?"

"बांधायला." मग खाली बघत म्हणाली, "फोटो मागितला होता. मी नाही दिला. युनिफॉर्ममधला पाहिजे म्हणाला."

जानकी उठून मोरीत गेली, नळ सोडला, आणि तोंडावर पदर दाबून उभी राहिली.

पोलीस चौकीत नलिनी मॅडम म्हणून फौजदार होत्या. त्यांनी सगळं वाचलं, मध्ये एकदा पाणी प्यायल्या. सुशांत म्हणाला, "मॅडम, नाव बाहेर नाही ना येणार?"

"पोरीचं नाही येणार. त्याचं आणायचंय." मग जानकीकडे वळल्या. "काही पुसलं नाहीत हे बरं केलंत. आता उत्तर देऊ नका. मुलगी उद्या घरात राहू दे. आम्ही साध्या कपड्यांत गेटवर असू."

"मी पण येणार."

"कशाला ताई?"

"मला त्याचं तोंड बघायचंय. नाहीतर मला प्रत्येकाचं तेच वाटेल."

आणि ते खरंच होतं. शनिवारी सकाळी ती मागच्या गेटपाशी भाजी घ्यायला आल्यासारखी पिशवी घेऊन उभी राहिली, नानांचा फोन पिशवीत. सुशांत जिन्याच्या तोंडाशी थांबला होता. रुचिराजवळ घरात शेजारची मानसी बसली होती, दाराला आतून कडी. समोर इस्त्रीवाला कोळसे फुंकत होता. जानकीच्या लग्नापासून तो तिथे आहे, आणि आज ती त्याच्या हातांकडे बघत होती. नारळवाल्याने हाक मारली तेव्हा ती दोन पावलं मागे सरली. वॉचमन भाऊराव म्हणाला, "काय वहिनी, आज सुट्टी?" ह्याला कसं कळलं मी रोज कामाला जाते ते, असं तिच्या मनात आलं, नि लगेच स्वतःची लाज वाटली. रोज तोच तर तिला गेट उघडून देतो. सगळी ओळखीची माणसं एका रात्रीत परकी झाली होती. मनात रामरक्षा चालू होती आणि दर ओळीला तुटत होती.

एक मोटरसायकल पलीकडे थांबली. हेल्मेट काढलं. चाळिशीचा माणूस, इस्त्रीचा शर्ट, केस नीट विंचरलेले, कपाळाला बारीक गंध. त्याने मान वर करून बी विंग मोजल्यासारखी पाहिली, खालून वर, चौथ्यापर्यंत. मग खिशातून फोन काढला.

जानकीच्या पिशवीत फोन वाजला.

"येतंस मा?"

तिने फक्त बोट केलं. इस्त्रीवाल्याजवळ कपड्यांची वाट बघत असल्यासारखे उभे असलेले दोघे पुढे झाले, एकाने गाडीची किल्ली काढून घेतली. कोणी धावलं नाही, मारामारी झाली नाही. तो माणूस उलट हसला.

"अहो, गाववाली आहे. भाचीसारखी. भेटायला आलोय. खाऊ आणलाय तिच्यासाठी." खरंच आणला होता. पिशवीत गुळाचा खाजा, कागदात बांधलेला.

आणि पूजा अर्धी टाकून, सोवळ्यातच, नाना खाली आले. कोणी बोलावलं नव्हतं. त्यांना बघून त्या माणसाला जरा आधार वाटला असावा.

"काका, सांगा ना ह्यांका. मी पाटोळीचोच. खालच्या वाडीतलो."

नाना त्याच्याकडे बघत राहिले. जानकीला भीती वाटली, आता हे विचारतील, कोणाचो रे तू. सवयच ती. साठ वर्षं मुंबईत काढली, गिरणी बंद पडली, तरी गावचा माणूस भेटला आणि नानांनी त्याला चहा पाजला नाही असं कधी झालं नव्हतं.

"असशीत," नाना म्हणाले. "पण तू आमचो न्हय."

आणि पाठ फिरवून जिना चढायला लागले. दुसऱ्या मजल्यावर ते बसले. सुशांतने त्यांना धरून वर आणलं.

गुन्हा दाखल झाला. त्या माणसाच्या फोनमध्ये आणखी पोरींची नावं निघाली, आणखी वाड्या, आणखी सोसायट्या. नलिनी मॅडमनी ते सांगितलं तेव्हा जानकीला सुटल्यासारखं वाटायला हवं होतं. पण कुठेही फोन वाजला की अजून तिच्या हातातली फ्रेम खाली पडते. दुकानात आता ती आयांना आधी एकच विचारते, "घरात म्हातारी माणसं आहेत? त्यांचा फोन कोण बघतं?"

नानांचा फोन पोलिसांकडून परत आला तेव्हा तिने तो पुसून सगळा नव्याने लावायचा ठरवला. गेम काढायला बोट ठेवलं, तशी रुचिरा म्हणाली, "आई, एकदा उघड ना. खेळत नाही. फक्त घर बघते."

जानकीने आधी बोलण्याची सोय बंद केली, बाहेरच्यांची आत येणारी वाट बंद केली, दोनदा तपासली. मग दोघी पलंगावर बसल्या.

घर गावचं होतं. ठोकळ्यांचं, पण गावचंच. पुढे खळं, तुळस, पडवी, मागे माडाची चार झाडं. जानकी बघतच राहिली. एवढं सगळं पोरीने नानांच्या शेजारी बसून, भजनं ऐकत रचलं होतं.

"आणि ही विहीर," रुचिरा म्हणाली. मग थांबली. "ही त्याने बांधून दिली. मला गोल जमत नव्हती."

विहीर नीट होती, काठ गुळगुळीत. त्या खळ्यात तो येऊन बसत होता, दुपारच्या दुपार, आणि त्याच दुपारी जानकी काउंटरला उभी राहून परक्यांच्या फोनना कुलपं लावत होती.

"बुजवूया?" तिने विचारलं.

रुचिराने विहिरीकडे बघितलं, आईकडे बघितलं. "खूप माती लागेल."

"लागू दे. मी बसते."

रुचिरा एकेक ठोकळा आत टाकायला लागली. तळ दिसेनासा झाला, काठापर्यंत माती आली, तरी जानकीने तिथून नजर काढली नाही.